मागच्या खोलीतलं व्हिनाइल

१० ऑगस्ट, रविवार
अच्युतचा फोन. धाकटा भाऊ, पण सल्ले थोरल्याचे. म्हणतो, दादा, तुझ्या मागच्या खोलीतल्या टाइल्स हलतात, गेल्या वर्षी महालक्ष्म्यांचा स्टँड डगमगला, यंदा नेपियर टाउनला माझ्या फ्लॅटवर बसवू. आईच्या हातच्या महालक्ष्म्या या घरातून हलणार नाहीत. मी जिवंत आहे तोवर तर नाहीच. फोन मी आधी ठेवला.

११ ऑगस्ट
निर्णय. टाइल्स न फोडता वरून व्हिनाइल, म्हणजे प्लॅस्टिकची फरशी, लावायचं, आणि मीच लावायचं. जन्मभर फॅक्टरीत लोकांच्या कामातल्या चुका काढल्या. स्वतः हात घातला तर चूक उरेल कुठे? पद्मजा म्हणाली, मिस्त्री बोलवा. बायकोचा नवऱ्यावर विश्वास नसणे हे या देशाचं जुनं दुखणं आहे.

१६ ऑगस्ट
गोहलपुरातल्या बाजारातून रोल आणला. लाकडाचं डिझाइन. ऑटोवाला म्हणाला, भैया, खड़ा पकड़ो. मी आडवा धरला. एक स्कूटरवाला उगाच शिव्या देत गेला. या शहराला शिस्त नाही.

२० ऑगस्ट
पुन्हा अच्युत. म्हणे, वरून लावून राहिला तर पहिले दाराखाली जागा किती आहे ते पाहून घे. याला कळलं कसं? पद्मजाने विभावरीला सांगितलं असणार, विभावरीने नवऱ्याला. घरात फितुरी आहे. मी म्हटलं, तू तुझ्या फ्लॅटची दारं पाहा. जागा मुद्दाम पाहिली नाही.

२४ ऑगस्ट
तुकडा पसरून पाहिला. खालच्या टाइल्सच्या फटी वरून दिसतात. दोष व्हिनाइलचा. उपाय: खाली फोम.

२८ ऑगस्ट
फोम दुहेरी केला. पद्मजा म्हणाली, काहून एवढं जाड करून राहिले? मी फोम पसरत राहिलो. मग तिने फोटो काढला. कुणाला पाठवला ते मला कळतं. यापुढे काम दार लावून.

३१ ऑगस्ट, सकाळ
आज आवाहन. साडेपाचच्या आत महालक्ष्म्या आत यायला हव्यात. अच्युत-विभावरी आले आहेत. मदतीला म्हणे! आतून कडी लावली आहे. फक्त दाराजवळचा तुकडा उरला.

दुपार
झालं. अप्रतिम. अच्युतचं तोंड पाहायला बाहेर जातो.

थोड्या वेळाने
दार आतल्या बाजूला उघडतं. आतल्या बाजूला आता व्हिनाइल आहे. हे दार मुळातच चुकीचं बसवलेलं आहे.

साडेचार
अच्युत बाहेरून म्हणतो, चलो दादा, दारापुरतं कापून टाक, पाच मिनिटांचं काम आहे. माझ्याच हाताने माझी फरशी कापून घ्यायची आहे त्याला. नाही कापणार. पद्मजा रडवेली झाली. म्हणाली, मुखवटे हातात धरून उभ्या आहोत हो, वेळ चालली. मी म्हटलं, आधी अच्युतने माफी मागावी. त्याने लगेच मागितली. मनापासून वाटली नाही, म्हणून पुन्हा मागायला सांगितलं.

पाचच्या सुमारास
बाहेर आवाज नाही. खिडकीतून पाहिलं. पद्मजा मुखवटे पदराखाली घेऊन अच्युतच्या गाडीत बसत होती. मी हाक मारली. तिने वर पाहिलं नाही.
मग दाराजवळचं व्हिनाइल कापलं. पाच मिनिटंही लागली नाहीत.

१ सप्टेंबर
जेवायला अच्युतकडे. जाणार नव्हतो, पण घरी स्वयंपाक नव्हता. महालक्ष्म्या आईने घेतलेल्या साड्यांत उभ्या होत्या. आईची फार आठवण आली. स्टँड जरासुद्धा हलत नव्हता. अशी कोणती फरशी आहे म्हणून वाकून पाहिलं, तर भिंतीपासून भिंतीपर्यंत सतरंज्या. पद्मजाला विचारलं, फरशी झाकली कशाला? ती म्हणाली, आपल्याकडेही दरवर्षी झाकतोच की, पंगत बसते ना. इतक्या वर्षांत तुम्हाला दिसलं नाही?
विभावरी पोळी वाढायला आली. म्हणाली, भाऊजी, वहिनींनी देवीपुढे शब्द दिलाय, आता दरवर्षी इथेच. एकदा बदललेली जागा पुन्हा हलवायची नसते.
मी पद्मजाकडे पाहिलं. ती आंबील वाढत होती.
पुरण चांगलं झालं होतं. दुसरी पोळी नको म्हणायचं ठरवलं होतं. घेतली.