राणीच्या बाजूने

४ ऑगस्ट

ती. दादास सा. न. वि. वि.

आप्पांच्या राणीवरच्या पुस्तकातल्या नवव्या प्रकरणाची शुद्ध प्रत सोबत आहे. आप्पांना आता उशीला टेकूनही बसवत नाही, जीभ मात्र शाबूत. डॉक्टरांना काल म्हणाले, पुस्तक छापून होईपर्यंतच जगवा, पुढची सक्ती नाही.

एक सांगायचंय. दप्तरखान्यात माझ्याकडे दुरुस्तीला वाळवी लागलेलं एक पुडकं आलं. त्यातले दोन कागद चिकटले होते. वाफेवर सोडवले, तर आतल्या कागदावर राणीचा शिक्का. किल्लेदाराला हुकूम आहे: आमच्या भावाची सातही मुलं, एकही जिवंत मागे ठेवू नये. खाली नावं, वयं. धाकटी तीन वर्षांची.

आप्पा चाळीस वर्षं सांगत आले की भाचरं तापाने गेली. बाईने राज्य केलेलं खुपलं, म्हणून शत्रूंच्या लेखकांनी तिला कैदाशीण ठरवलं. पण शिक्का खरा आहे. आई त्या राणीला सवत म्हणायची. आज आई असती तर तिलाच विचारलं असतं. काय करू?

तुझी धाकटी


११ ऑगस्ट

चि. धाकटीस अनेक आशीर्वाद.

पत्र आल्यापासून छापखान्यात हात चालत नाही. आठ प्रकरणं छापून झालीत. माझं ऐक, गप्प बस. या राणीपायी आप्पांची शाळेतली नोकरी गेली. लोकांनी दाराला डांबर फासलं, तेव्हा तू पाळण्यात होतीस. ते मी खरवडून काढलंय. ती मुलं जाऊन तीनशे वर्षं झाली, आप्पा अजून आहेत. भित्रा म्हण हवं तर.

तब्येतीला जप.

दादा


२ सप्टेंबर

ती. दादास सा. न. वि. वि.

आप्पा गेल्यावर तू चार दिवस इथे होतास, तरी तोंडाने सांगवलं नाही, म्हणून लिहिते.

तुझं पत्र वाचून मी गप्पच राहणार होते. पण आप्पांनी विचारलं, दप्तरखान्यात नवं काही? मी नाही म्हटलं. म्हणाले, तुला खोटं बोलता येत नाही, आईवर गेलीस. मग सगळं सांगितलं.

त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. दोन दिवस पाण्याशिवाय काही घेतलं नाही. तिसऱ्या दिवशी म्हणाले, नावं वाच. सातही वाचली. धाकटीचं पुन्हा वाचायला लावलं. मग नववं प्रकरण फाडायला सांगून नवं सांगू लागले. राणीवरचे बरेच आरोप खोटेच आहेत, पण हे खरं आहे, आणि तिची बाजू घेताना आपण मुलांची नावंसुद्धा कधी शोधली नाहीत, असं त्यांनी लिहवून घेतलं. मधेच दम लागला.

रागावलात का, असं मी विचारलं. नाही म्हणाले. पण तू मला हे सांगायला नको होतंस, म्हणाले. त्यानंतर बोललेच नाहीत.

प्रकरण अर्धंच आहे. तसंच छाप.

माझ्यावरची तुझी माया अजून आहे ना, एवढं कळव.

तुझी धाकटी