बांध हातभर हलला त्याची फिर्याद

तीर्थरूप धाकलूमामांना,

कळंबहून हरेशचा पायावर डोकं ठेवून नमस्कार (कंबर धरलीय, तेव्हा डोकं मनानेच ठेवलंय असं समजा). मामींचे गुडघे कसे आहेत? खोपोलीच्या डॉक्टरने दिलेलं तेल लावतात, की बाटली नुसती फळीवर ठेवलीय? इकडे सगळं ठीक. ठीक म्हणजे गुरं ठीक, भात ठीक, मी तेवढा पोलीस ठाण्यात जाऊन आलो. मामींना आधी पाणी द्या नि मग पुढचं वाचा. (फोनच केला असता, पण तुम्ही तो स्पीकरवर ठेवता.)

झालं असं, की कापणीनंतर वाल टाकायला शेतात गेलो तर माझ्या आणि गजाच्या शेतामधला बांध हातभर माझ्याकडे आलेला! चुलतभाऊ असून ही तऱ्हा. माझं टाळकं फिरलं. तसाच मातीच्या पायांनी ठाणं गाठलं. तिथे समिधा मॅडम म्हणून हवालदार आहेत. त्यांनी चहा पाजला, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, काका, हद्दीचा वाद दिवाणी, बांध सरकवायचा पोलिसांना अधिकार नाही. मोजणी करा, नाहीतर कोर्टात जा. मी म्हटलं, मग चोरी लिहा, बांध चोरीला गेलाय. तर म्हणे, जमीन चोरीला जात नसते, ती हलत नाही. अहो, हलत नाही काय? हातभर हललीय म्हणून तर आलो! (बाकावर बसवलेला खरा चोरसुद्धा हसला.) शेवटी विचारलं, मग तुम्ही येणार तरी कधी? हाणामारी झाली तर यावंच लागेल, असं त्या बोलून गेल्या आणि मला वाट सापडली.

गजाने मला एक, फक्त एक चापट मारायला हवी होती. संध्याकाळी बांधावर जाऊन मी त्याच्या शेतीला, बैलांना, सासुरवाडीला, सगळ्यांना नावं ठेवली. गडी नुसता हसतोय. मग गाल पुढे केला, म्हटलं, "मार रं." तर तोही गाल पुढे करून म्हणतो, "पयला तू मार. मी हात लावणार नाय." तोही आदल्या दिवशी माझी तक्रार घेऊन तिथेच गेलेला! त्याच मॅडम, तोच चहा, तेच उत्तर. अर्धा तास आम्ही दोघे बाप्ये एकमेकांना मार मार म्हणून विनवत होतो. तेवढ्यात येसूकाकू, गजाची आई, भाकऱ्या घेऊन आली. सगळं ऐकून म्हणाली, "मंग दोगांनाबी मीच हाणते." (नको म्हटलं. काकूवर फिर्याद कोण करणार?) तिने दोघांनाही भाकरी वाढली आणि आम्ही पाठीला पाठ लावून जेवलो. खरं सांगतो मामा, गजाशी न बोलता घास उतरत नव्हता.

पण माघार नाही. दुसऱ्याच दिवशी मोजणीचा अर्ज दिला. येत्या मंगळवारी मोजणीवाले येतायत. होऊन जाऊ दे एकदा गावासमोर!

मामींना नमस्कार. शेंगा धरल्या की पाठवतो.

आपला भाचा,
हरेश

ता. क. : तुमचा जन्म मोजणी खात्यात गेला म्हणून विचारतो, दिलेला अर्ज गुपचूप मागे घेता येतो का? म्हणजे असं, की चार वर्षांपूर्वी गजा लेकीच्या बाळंतपणाला कर्जतला होता, तेव्हा बांध दीड हात मीच सरकवलेला. त्याने हातभर मागे नेलाय, म्हणजे अर्धा हात अजून त्याचाच माझ्याकडे आहे. मंगळवारी हे निघालं तर येसूकाकूला तोंड कसं दाखवू? काहीतरी करा मामा, पाया पडतो.

आणखी ता. क. : पाकीट चिकटवणार तोच गजा ओटीवर आला. तुमचा नंबर मागतोय. त्यानेही मोजणीचा अर्ज दिलाय म्हणे, आणि आता मागे घ्यायचाय. माझ्याकडे बघायला तयार नाही. मामा, हा कशाला घाबरतोय? वर लिहिलेलं सगळं विसरा. माझा अर्ज राहू द्या, आणि त्याचा मागे घेऊ देऊ नका!