जोडीची फरशी

९ जानेवारी

निष्काळजीपणा!

छापलाय हा शब्द. गुळगुळीत कागदावर, रंगीत फोटोखाली. ग्रंथपालबाईंनी संग्रहालयाची नवी पुस्तिका माझ्यासाठी बाजूला काढून ठेवली होती — "काका, तुमच्या पाखराचा फोटो आलाय!" पाखरू नव्हे, टेरोसॉर, हे त्यांना शंभरदा सांगून झालं. पाखरं त्याच्या वंशातली नव्हेत, वटवाघळांचा तर काही संबंधच नाही. उडणारा सरीसृप. पाठीचा कणा असलेल्यांत सगळ्यांच्या आधी आकाशात गेला तो. मी उभ्याउभ्याच वाचायला लागलो. शेवटची ओळ — "नमुन्याची जोडीची फरशी खाणकामगाराच्या निष्काळजीपणामुळे नष्ट झाली."

खाणकामगार म्हणजे मी!

एकेचाळीस वर्षं त्या खाणीत फरशी फोडली. छिन्नी लावायच्या आधी हातोडीने हलकेच वाजवून दगड काय म्हणतो ते ऐकायचो. फरशीचा कोपरा उडाला म्हणून मुकादमाने मला कधी बोल लावला नाही. बारा वर्षांपूर्वी तो थर मी उघडला. आतलं जनावर मला दिसलं. संग्रहालयाच्या डॉक्टरला निरोप मी धाडला. डॉक्टर म्हणजे औषधाचा नव्हे, जुन्या हाडांचा. आजपासून माझ्यासाठी तो हाडवैद्य. आणि आता माझं नावसुद्धा नाही, नुसता निष्काळजीपणा!

आणि नष्ट झाली म्हणे. जोडीची फरशी आमच्या स्वयंपाकघरात आहे. पाण्याच्या पिंपावर. झाकण म्हणून.

१० जानेवारी

ही म्हणाली, "जेवताना दात-ओठ खाऊ नका. घास अडकेल."

१२ जानेवारी

डोकं जरा थंड झालंय. राग नाही, डोकं.

झालं होतं असं. अशी फरशी उघडते ती पुस्तकासारखी — डावं पान, उजवं पान. हाडं थोडी एका पानाला चिकटतात, थोडी दुसऱ्याला, आणि समोरासमोर त्यांचे ठसे. त्या दिवशी एक पान खाणीच्या कचेरीत ठेवलं, दुसरं खांद्यावर टाकून घरी आणलं. वाटलं, देण्याआधी दोन दिवस डोळे भरून बघू. त्यात नुसते उंचवटेच दिसत होते, पण काहीतरी होतं खास. आणि त्याच आठवड्यात छातीने दगा दिला. दगडाची धूळ, दुसरं काय! महिनाभर इस्पितळात. परत आलो तर कचेरीतली फरशी हाडवैद्याने नेलेली आणि घरातली पिंपावर बसलेली.

त्याने मागितली नाही, म्हणून मी तेव्हा म्हटलं, त्याला नको असेल. मागून ग्रंथालयात पुस्तकं वाचत गेलो तसं कळलं की दोन्ही पानांशिवाय गोष्ट पुरी होत नाही. मग याने विचारलं कसं नाही? फरशीला जोडीदार असतो हे आमच्या खाणीत काल आलेल्या हेल्परला कळतं. एवढा शिकलेला माणूस, बारा वर्षांत चार वेळा समोर आला, हवापाण्याच्या गप्पा मारल्या — जोडीच्या फरशीबद्दल चकार शब्द नाही! आणि कागदावर मात्र मला चोर नाही तर आंधळा ठरवून मोकळा.

बघतोच. त्याचं उट्टं काढल्याशिवाय मी वर जात नाही. वर म्हणजे आकाशात, पण तिथे आता टेरोसॉर नाहीत.

१५ जानेवारी

झाकण उतरवलं. हिला बदली लाकडी फळी करून दिली. खालच्या बाजूला मेणकापड लावलेलं होतं, चारी कडांना नीट दुमडून शिवलेलं. हिची टापटीप! बारा वर्षांत ओलीचा थेंब लागलेला नाही.

"कशाला उकरून काढताय?" म्हणाली.

म्हटलं, "त्याचं नाक कापायला."

"नाक कापून काय करणार? तुमचं एक आहे की."

२३ जानेवारी

हत्यारं जमली. शिलाई मशीनची सुई पेन्सिलीच्या टोकात बसवली. दाढीचा जुना ब्रश. घड्याळजीकडून डोळ्याला लावायचं भिंग — "परत द्या हं, माझी रोजीरोटी आहे ती." जेवण झालं की खिडकीपाशी बसतो. तासाला नखाएवढी जागा मोकळी होते.

पहिलं काय निघालं तर बोट! त्याचं चौथं बोट, अख्ख्या हातापेक्षा लांब. हा सगळा पंख त्या एका बोटावर ताणलेला असायचा. पाखराचा पिसांवर, वटवाघळाचा चार बोटांवर आणि याचा एका बोटावर! पडद्याच्या कातडीत बारीक धागे असतात, म्हणून वाऱ्यात फडफडून फाटत नाही — छत्रीला काड्या असतात तसे. जमिनीवर आला की तेच बोट मिटून मागे वळवायचा आणि उरलेल्या तीन बोटांवर चालायचा. चार पायांवर! उडतानाही म्हणे मागच्या पायांवर उड्या मारत बसायचा नाही, पुढच्या हातांनी जमिनीला धक्का द्यायचा आणि थेट वर.

माझ्याही हातात अजून धक्का आहे, हाडवैद्या.

१ फेब्रुवारी

आज न्हाव्याकडे. आरशात बघून भाषणाचा सराव केला, "सभ्य स्त्री-पुरुषहो, हा निष्काळजी माणूस आपल्यासमोर उभा आहे." न्हावी म्हणाला, "बाबा, मान हलवू नका, मग मीच निष्काळजी ठरेन."

६ फेब्रुवारी

आज घाईत लिहितोय, अक्षर वेडंवाकडं येईल.

कंबरेचं हाड मोकळं करत होतो. रुंद आहे, पुस्तकातल्या चित्रापेक्षा बरंच. त्याच्या खाली, शेपटीच्या मुळाशी, एक गोल उंचवटा. अंगठ्याच्या पेराएवढा. वाटलं खडा असेल. सुईने कड काढली. खडा नाही! पृष्ठभाग सुरकुतलेला, वाळलेल्या कातड्यासारखा.

चपला उलट्यासुलट्या घालून ग्रंथालयात. ग्रंथपालबाईंनी पुस्तक शोधून वाचून दाखवलं. टेरोसॉरांची अंडी कोंबडीसारखी टणक नसत. सरड्यांसारखी, मऊ सालीची, ओल्या मातीत पुरून ठेवायची. पिल्लू बाहेर आलं की थोड्याच दिवसांत उडायचं म्हणतात काही जण.

"काका, अंडं आहे?"

"अंडं आहे."

"म्हणजे पाखरू नाही, पाखरीण!"

आज त्यांना दुरुस्त केलं नाही.

७ फेब्रुवारी

आता मजा बघा!

पुस्तिकेत हाडवैद्याने काय लिहिलंय? आमच्या खाणीत आधी सापडलेल्या टेरोसॉरांना डोक्यावर तुरा आहे, याला नाही, म्हणून ही वेगळीच जात, नवी आणि त्याने नाव दिलेली. वर म्हणे हे बिनतुऱ्याचे जुने घराणे, तुरेवाले त्यांच्यापासून पुढे उत्क्रांत झाले. शिडीच लावलीय चित्रात, पायरीपायरीने. गेली पाच वर्षं या शिडीवर चढून तो दालनप्रमुख झाला.

आणि माझी ही बाई पोटात अंडं घेऊन पिंपावर पडलेली! तुरा नाही, कारण तुरा नरांना. मोराच्या पिसाऱ्याचं तेच. बाकी हाडन्‌हाड तुरेवाल्यांसारखं. दोघं निघाले तेही एकाच थरातून — मारला की टणटण वाजतो म्हणून आम्ही त्याला घंटा म्हणायचो. कसली शिडी आणि कसली घराणी! नवरा-बायकोला दोन जाती ठरवून बसलाय शहाणा!

खूप हसलो. खोकला येईपर्यंत. हिने पाणी दिलं, पण हसली नाही.

१६ फेब्रुवारी

सूचना लागली. २ मार्चला सकाळी अकरा वाजता संग्रहालयाच्या सभागृहात हाडवैद्याचं व्याख्यान. विषय तीच शिडी. खाली बारीक अक्षरात — "श्रोत्यांच्या प्रश्नांना उत्तरे दिली जातील."

देशील ना, देशील!

१९ फेब्रुवारी

ही म्हणाली, "त्याआधी एकदा चहाला बोलवा त्यांना. घरीच दाखवा फरशी. माणूस वाईट नाही."

म्हटलं, "चार माणसांत मला आंधळा म्हणाला, चार माणसांतच डोळे दाखवीन."

"अहो, चूक कुणाची असते, कुठून निघते…"

"तू मध्ये पडू नकोस."

भांडी जरा जोरात वाजली. पुरुषाची अब्रू बायकांना काय कळणार! — हे ओरडून बोललो नाही, इथे लिहितोय. पण तिला ऐकू गेल्यासारखं वाटतंय.

२८ फेब्रुवारी

अंडं पूर्ण मोकळं. शेवटचा कण ब्रशने उडवला तेव्हा बाईबद्दल जरा उमाळा आला. अंडं घालायला निघाली असेल आणि वादळाने पाण्यात पाडलं असेल. हाडं कागदासारखी पातळ, आतून पोकळ. मार लागला की संपलंच. एवढा काळ पोटचं घेऊन पडून राहिली. आणि आज तिच्या जिवावर मी सूड घेतोय.

घेणारच.

२ मार्च

सगळं नीट लिहून ठेवतो.

फरशी जुन्या ब्लँकेटमध्ये गुंडाळली, शेजारच्या सुताराने दोरी मारून दिली. ही बरोबर यायला तयार झाली, न सांगता साडी बदलून उभी. बसमध्ये कंडक्टर म्हणाला, "काय आहे बोचक्यात?" म्हटलं, "गरोदर बाई आहे." म्हणाला, "मग बसायला जागा द्या की तिला!" पुढच्या सीटवरचा माणूस खरंच उठला.

सभागृह भरलेलं. ही तिसऱ्या रांगेत, मी कडेच्या खुर्चीवर. हाडवैद्य केस पिकून पांढरा झालाय. शिडी पडद्यावर आली. माझं रक्त चढलं. मग म्हणाला, "काही प्रश्न?"

उभा राहिलो. आरशातलं भाषण पार विसरलो. एवढंच म्हटलं, "साहेब, जोडीची फरशी नष्ट कशी झाली?"

त्याने मला ओळखलं. कावराबावरा झाला. "ते… आपण नंतर बोलू या का, बाबा?"

"नंतर का? छापलंत तेव्हा मला विचारलंत? मीच तो निष्काळजी माणूस!" आणि ब्लँकेट सोडलं.

तो मंचावरून खाली आला, फरशीपाशी गुडघे टेकले. "हात लावू का?"

"आधी धुऊन या."

हशा पिकला. आणि तो खरंच गेला, हात धुऊन, पुसून आला! अंड्यावरून बोट फिरवलं. बराच वेळ. मग हळूच, स्वतःशीच — "मादी." एका शब्दात शिडी कोसळली. मान वर करून माझ्याकडे नाही, माझ्या पलीकडे तिसऱ्या रांगेकडे बघितलं त्याने. मग उभा राहिला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "चूक माझी आहे. फरशी फुटली असं मी खात्री न करता लिहिलं. ही नवी जात नाही. मी यांची माफी मागतो."

टाळ्या! माझ्यासाठी! लोक उठून हात मिळवायला आले.

स्वतःच्या बाजूने एक अक्षर बोलला नाही. बोलायला होतंच काय त्याच्याकडे!

३ मार्च

आज पाय जमिनीला लागत नाहीत. गल्लीत तिघांनी थांबवलं. सुतार म्हणाला, "जिरवलीत त्याची, बाबा!" ग्रंथपालबाईंना अख्खी हकीकत दोनदा सांगितली. ही मात्र कालपासून तोंड फिरवून. बसमध्येही खिडकीबाहेरच बघत होती.

५ मार्च

पेपरात आलं. "खाणकामगाराने शास्त्रज्ञाला चूक दाखवली." माझा फोटो, फरशी हातात. खाली लिहिलंय — अर्धा नमुना न शोधता निष्कर्ष काढल्याबद्दल समितीने डॉक्टरांकडून दालनप्रमुखपदाचा राजीनामा घेतला. त्यांनी खुलासा द्यायला नकार दिला.

कात्रण कापलं. हिला वाचून दाखवलं, राजीनाम्याची ओळ दोनदा. ती उठून आत गेली.

६ मार्च

सकाळी चहा पुढ्यात ठेवला आणि बोलली. डॉक्टरसाहेब आले होते घरी. मी इस्पितळात असताना, तीनदा, जोडीची फरशी मागायला. माझ्या छातीचं काही खरं नव्हतं तेव्हा. घरी परत आलेच नाहीत तर यांचं म्हणून काहीतरी घरात असावं, असं हिला वाटलं. म्हणून सांगितलं, "आमचे हे निष्काळजी आहेत हो, हातातून पाडली, चुरा झाला." आणि हात जोडले, "त्यांच्यापुढे कधी विषय काढू नका, जिवाला लावून घेतील." त्यांनी शब्द दिला.

मी विचारलं, मग त्या दिवशी तिसऱ्या रांगेतून उठून बोलली का नाहीस?

म्हणाली, "त्या आजारानंतर तुम्हाला इतकं ताठ उभं राहिलेलं पहिल्यांदा पाहत होते."