एकदा लागलेला निकाल

आबा, धुळ्याच्या गिरणीचा भोंगा आधी छातीत घुमायचा आणि मग दूर पांझरा नदीकडे विरत जायचा. मला तो कवितेच्या शेवटच्या ओळीसारखा वाटायचा. तुम्ही मात्र त्या दिवसांत भोंगा झाला की हातातला घास ताटात ठेवायचात. चालू मशीन सोडून गेलात म्हणून तुम्हाला कामावरून काढलं होतं. कामगार न्यायालयानं ते चुकीचं ठरवलं आणि तुम्ही पुन्हा फिटर म्हणून रुजू झालात. घर जरा श्वास घेऊ लागलं, तोच गिरणीनं तीच तक्रार नव्या शब्दांत परत कोर्टात नेली. कळण्याची भाकरी थापता थापता आई थांबली. "निकाल लागना ना एकदाव? मंग आते काय शे परत?" तुम्ही कोर्टाचा कागद घडी करून खिशात घातलात.

शाळा बुडवून मी तुमच्यासोबत कोर्टात आलोय. तुम्ही खाकी कपड्यांत, हातात डबा, कारण तिथून थेट दुसऱ्या पाळीला जायचंय. न्यायाधीश साहेब कागद वाचतात आणि गिरणीच्या वकिलाला विचारतात, "यात नवीन काय?"

"साहेब, मांडणी वेगळी आहे."

"मांडणी वेगळी, भांडण तेच, माणसंही तीच. दोघांचं ऐकून ठरलेलं आहे. पटलं नव्हतं तर वरच्या कोर्टात जायचं होतं. या माणसाला इथं किती वेळा उभं करणार? तक्रार फेटाळली."

बाहेर आल्यावर मी नाचतच म्हटलं, आता आपण त्यांच्यावर केस करू! तुम्ही डबा माझ्या पाठीत हळूच टेकवलात. "येडा शे का? बठ्ठं मिटनं. आते उकरू नको." आणि पाळीला उशीर होईल म्हणून निघालातसुद्धा. पाठमोरे तुम्ही किती हलके दिसत होतात, ते मला अजून नीट सांगता येत नाही. मराठी शिकवण्यात जन्म गेला, तरी नाही.

आता मी जळगावात, तुम्ही गेलात त्या वयाच्याही पुढे. आमच्या शाळेच्या ऑफिसात मुख्याध्यापकांच्या नावांचा एक फळा आहे, त्यावर माझं नाव नाही. ते पद माझ्या सोबत्याला मिळालं. मी न्यायाधिकरणात गेलो, हरलो. औरंगाबादच्या खंडपीठात गेलो, तिथंही हरलो. दोन्हीकडे माझं सगळं म्हणणं ऐकलं गेलं, हे मला कबूल आहे. पण शाळेवरून जाताना तो फळा डोळ्यांपुढे येतोच. परवा एक तरुण वकील भेटला. "सर, मागं सेवाज्येष्ठता म्हटलं होतं, आता पदोन्नती नाकारली म्हणू. टिकेल न टिकेल, त्यांना तारखांना तर यावं लागेल!" हे शेवटचं वाक्य मला गोड लागलं, आबा. सोबत्याचे गुडघे गेलेत, हे ठाऊक असूनही. वकीलपत्र समोर आहे, सही तेवढी बाकी आहे. न्यायाधीश विचारतील, यात नवीन काय? तेव्हा मी काय सांगू? दुःख जुनंच आहे, फक्त चाल बदलून म्हणतोय?

हे लिहितोय तेवढ्यात कडी वाजली. खिडकीतून पाहिलं तर तोच, माझा सोबती! पारोळ्याहून, काठी टेकत, एकटा.

"ओ कवी! जिवंत आहेस का रे?"

"आहे अजून. तू इकडं कुठं वाट चुकलास?"

"नातीला चौथीतली, तू चालीत म्हणायचास ती कविता शिकवायचीय, दुसरं कडवंच आठवेना. फोनवर चाल कळली नसती. तुझ्याशिवाय कुणाला विचारू? दार उघड आधी, गुडघे बोंबलतायत."

आबा, एक सांगायचं राहिलं. सही बाकी आहे असं वर लिहिलं, ते खोटं. सकाळीच केली होती. तो पायरीवर चपला काढतोय. त्याला वेळ लागतो. तेवढ्यात वकीलपत्र फाडून टाकतो.