एका माणसाला एक वाटी

३ मार्च, मंगळवार

गहू शिजले नाहीत! चार शिट्ट्या, सहा शिट्ट्या — शेवटी मीच शिट्टी मारायचा बाकी राहिलो. बाबांनी एक घास घेतला, बराच वेळ चावला, मग भिंतीकडे बघून म्हणाले, "त्याला म्हणावं, मोती आहेत हे. माळेत ओव."

भिंतीकडे — कारण तीन वर्षं ते माझ्याशी बोलत नाहीत. शिलाईच्या दुकानाची किल्ली त्यांनी माझ्या हातात ठेवली आणि त्याच आठवड्यात मी पळालो. दहावीला दोनदा बसलो, एका जागी बसणं काय ते तेवढंच.

आई ताईच्या बाळंतपणाला गेलीय, म्हणून मला बोलावणं. "आठवडाभर रे फक्त. दुपारी एकला जेवण, मग गोळी. उपाशीपोटी देऊ नकोस." महिन्यापूर्वी झटका येऊन गेला त्यांना. डॉक्टरीणबाईंनी कागदावर लिहून दिलंय: अख्खं धान्य, कच्च्या भाज्या, हिरवा पाला, मीठ चिमूटभर. थोडक्यात सॅलड. मी येतानाच सोमवारचं परतीचं तिकीट काढून आलो. हुशार!

४ मार्च

शेजारच्या काकूंना हसून हसून ठसका लागला. "अरे शहाण्या, अख्खे गहू आदल्या संध्याकाळी भिजत घालतात! एका माणसाला एक वाटी."

आदल्या संध्याकाळी! म्हणजे उद्या आपण कुठे असणार हे आजच माहीत हवं. माझी पंचाईत!

आज बाबांना पाव. संध्याकाळी एक वाटी गहू भिजवले. माझं काय, मी कोपऱ्यावरच्या बेकरीत उभ्या उभ्या खातो.

५ मार्च

गहू मऊ! पण पुदिना नव्हता. आणायला निघालो — दहा मिनिटांचं काम. वाटेत दोघं जण दोरीने कपाट तिसऱ्या मजल्यावर चढवत होते. अधांतरी कपाट सोडून पुढे कसा जाणार? दोरी धरली. मग त्यांनी चहा पाजला. मग खालच्या बिऱ्हाडातलं टेबलही हलवायचं निघालं...

परत आलो तेव्हा तीन वाजून गेले होते. बाबा खुर्चीत, डोळे मिटलेले, ओठ पांढरे. गोळी समोर तशीच. मला वाटलं — नाही, ते लिहीत नाही.

पाव, पाणी, गोळी. पेला मीच त्यांच्या ओठांना धरला. जरा वेळाने भिंतीला म्हणाले, "पुदिना मिळाला का, विचारा."

विसरलो होतो.

६ मार्च

घराबाहेर पाऊल टाकलं नाही. पुदिना काकूंच्या कुंडीतला. मागून आणला, उपटून नाही!

७ मार्च, शनिवार

शिजलेले गहू कापडावर पसरून गार केले. काकडी, टोमॅटो, मुळा, कोथिंबीर, वर लिंबू. चिरताना मीच मला शाबासकी देत होतो. बाबा मागे येऊन उभे कधी राहिले, कळलंच नाही.

"बघा ही काकडी. एक बाही लांब, एक आखूड. गिऱ्हाईक तोंडावर फेकेल."

सुरी घेतली. एकच फोड कापली, फळीच्या कडेला नमुना म्हणून ठेवली आणि गेले. मी बाकीच्या तिच्या मापाने कापल्या. पुदिना शेवटी हाताने तोडून घातला.

वाडगा रिकामा! तळाशी राहिलेला लिंबाचा रसही बाबांनी पिऊन टाकला.

८ मार्च

ताईला मुलगी झाली! दोघी सुखरूप. ताईच्या सासूबाई आल्यात, आई उद्या दुपारी जेवायला घरी पोचतेय. म्हणजे मी सुटलो. पिशवी भरली — पाच मिनिटं लागली. या एका कामात मी पटाईत.

"त्याची गाडी किती वाजता आहे?" बाबांनी भिंतीला विचारलं.

"सकाळी दहाला," मीही भिंतीलाच सांगितलं.

आज गहू भिजवले नाहीत. उद्याचं आई बघेल.

९ मार्च, सोमवार

सकाळी ओट्यावर मोठ्या पातेल्यात गहू भिजलेले. मी घातले नव्हते. शेजारी तीन वाडगे पालथे — आईचा, बाबांचा, आणि एक.

"काकडी तू काप," बाबा म्हणाले.

भिंत त्यांच्या पाठीमागे होती.