लायल टॉफ्टने मान डोलावली नव्हती

मी, ओरेस्ट वसिल हॅलिशिन, वय वर्षे एकसष्ट, पूर्वीचा धंदा बर्फावरची हॉकी, नंतरचा धंदा स्केटच्या पात्यांना धार लावणे, राहणार लिपोव्हा, प्रांत सास्काचेवान, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने आणि स्वतःच्या डोक्याने लिहून ठेवतो. हाताबद्दल कोणाची तक्रार नाही. डोक्याबद्दल आहे, म्हणून आधी तिचा निकाल लावतो.

आज मंगळवार, चार फेब्रुवारी. बाहेर उणे एकतीस आहे आणि गाडीचे इंजिन गोठू नये म्हणून तिची तार भिंतीतल्या विजेला जोडलेली आहे. माझी बायको मार्ता आठ वर्षांपूर्वी वारली. ती बाजारात गेलेली नाही. डॉक्टरीणबाईंनी काल पाठ करायला दिलेले पाच शब्द : कात्री, बटाटा, शिटी, पूल, निळा. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. उलट मुलगी ल्यूबा म्हणते की हे लिहूच नका.

मी रोज सकाळीच लिहिणार आहे. दुपारी जेवण झाले की माझे डोके भरवशाचे राहत नाही. म्हणून जेवणानंतर माझ्या अक्षरात काही भर पडलेली दिसली तर ती रद्द समजावी, अक्षर कितीही वळणदार असले तरी. यापूर्वी केलेली मृत्युपत्रेही रद्द. एक केले होते, मार्ता असताना.

कलम एक. राहते घर, बँकेत असेल ती शिल्लक, गाडी आणि तळघरातले कोबीच्या लोणच्याचे पिंप माझी एकुलती एक मुलगी ल्यूबा हिला द्यावे. तिने घर विकले तरी माझी हरकत नाही. पिंप विकू नये, ते माझ्या आईचे आहे.

कलम दोन. धार लावायचे यंत्र, तिन्ही दगड आणि कडा घासायची पट्टी गावच्या हॉकीच्या मैदानाला, म्हणजे तिथे बर्फ सारखा करायची गाडी चालवणाऱ्या विल्फ बाउमन याच्या ताब्यात द्यावी. विल्फ, घाई करू नकोस. पात्यावर नाणे आडवे ठेवून बघ, दोन्ही कडा सारख्या झाल्याशिवाय स्केट हातावेगळा करू नकोस. आमच्या गल्लीतला पेट्राश सतरा वर्षे माझ्याकडून धार लावून घेत होता आणि दर वेळी म्हणायचा, डावे पाते बोथट आहे. पात्यात काही दोष नव्हता. त्याला डावीकडे वळताच येत नाही. हे कलम त्याला मोठ्याने वाचून दाखवावे.

कलम तीन. माझे खेळायचे दोन सदरे, पुढच्या चार दातांची कवळी आणि सदऱ्याला आतून शिवलेला पट्टा. हा पट्टा चड्डीला बांधतात, म्हणजे मारामारीत समोरच्याला सदरा ओढून तुमच्या डोक्यावर घेता येत नाही. हे सगळे जाळावे. मी अकरा वर्षे हा धंदा केला. त्यातले त्रेसष्ट सामने सगळ्यात वरच्या लीगमध्ये, गोल दोन, आणि त्यातला एक चेंडूने, म्हणजे ज्याला आमच्यात चकती म्हणतात तिने, माझ्या ढुंगणाला आपटून केला. मला गोल करायला ठेवलेच नव्हते. बाकावर माझ्यामागे कोच उभा असे. डंकन रूड त्याचे नाव. आपल्या चांगल्या खेळाडूला कोणी धक्का दिला की रूड माझ्या उजव्या खांद्यावर थाप मारायचा. एक शब्द बोलायचा नाही. थाप पडली की मी उठायचो आणि ज्याला मारायचे त्याला मारून यायचो. माझ्या मुलीचे दूध, तिचे बूट, तिची शाळा त्या थापेवर झाली. रूडला माझ्याकडून काही देऊ नये. तो मेला आहे, तरी देऊ नये.

कलम चार. हे खरे कलम आहे. बाकीची मी याच्यासाठी लिहिली.

आमच्यात एक रिवाज आहे. सरळ जाऊन कोणाला मारत नाहीत. समोर उभे राहून विचारतात, ‘येतोस?’ त्याने मान डोलावली की दोघेही हातमोजे टाकतात. मान डोलावली नाही तर मारायचे नाही. मान डोलावणाऱ्याला पुढे काहीही झाले तरी त्याने तक्रार करायची नाही, आणि त्याच्या घरच्यांनीही नाही.

एकोणनव्वद सालच्या जानेवारीत, एका रविवारी दुपारच्या सामन्यात, समोरच्या संघातल्या लायल टॉफ्टने आमच्या गोलकीपरला धक्का दिला. लायल बावीस वर्षांचा होता, मी पंचवीस. तो मारामारी करणारा नव्हता. त्याचे हात असे होते की चकती त्यांचे ऐकायची. वरच्या लीगची माणसे त्या दिवशी त्यालाच बघायला आली होती. रूडची थाप पडली. मी लायलसमोर गेलो आणि म्हणालो, “येतोस?”

त्याने एक हातमोजा काढला आणि मान खाली केली.

मी चौकशीत सांगितले की त्याने मान डोलावली. छत्तीस वर्षे मी सर्वांना हेच सांगत आलो. कॅमेरा एकच होता, त्यात माझी पाठ दिसते.

त्याने मान डोलावली नव्हती. त्याच्या हेल्मेटचा पट्टा सुटला होता आणि तो लावायला त्याने हातमोजा काढून मान खाली केली होती. पट्ट्याला हिरवा दोरा होता, का कोण जाणे तो मला आठवतो. तो म्हणाला, “थांब जरा.” मला ऐकू आले. माझा हात उठला होता, पण आवरता आला असता. खांद्यावर थाप अजून गरम होती, करार मार्चमध्ये संपत होता. मी हात आवरला नाही. हेल्मेट उडाले आणि तो मागे डोक्यावर पडला. त्याचा डावा डोळा गेला, चालतानाचा तोल कायमचा गेला, आणि तो परत कधी बर्फावर उतरला नाही.

त्या दुपारचे लायलला काही आठवत नाही. म्हणजे आपण हो म्हणालो होतो की नाही हे त्याचे त्यालाच माहीत नाही. लोक सांगतात ते तो खरे धरतो, आणि लोकांना ते मी सांगितले. आज ती दुपार जगात फक्त माझ्या डोक्यात आहे, आणि माझे डोके दर आठवड्याला काहीतरी टाकून देते आहे. मला फार भीती वाटते. मरणाची नाही, ती दुपार माझ्याआधी जाईल याची.

हे मी ल्यूबाला मागच्या रविवारी सांगितले. ती पिरोगी, म्हणजे बटाटा भरलेल्या करंज्या, तळत होती. तिने गॅस बंद केला.

“बाबा, हे तेव्हा घडलं का तुमचं डोकं आता रचतंय?”

“घडलं.”

“परवा तुम्ही आईसाठी ताट वाढलं होतं. तेही तुम्हाला घडतंय असंच वाटत होतं.”

ती चिडून बोलली नाही. काळजीने बोलली. मी तिथेच खुर्चीत रडलो, हेही लिहून ठेवतो. म्हणून दुसऱ्या परिच्छेदात तारीख, थंडी आणि पाच शब्द आहेत. मी वेडा ठरलो तर लायल कायमचा हो म्हणालेला राहील.

कलम पाच. तळ्याकाठची माझी लाकडी झोपडी, बर्फातून मासे धरायच्या सामानासकट, लायल टॉफ्ट याला द्यावी. ही भरपाई नाही. माझ्याकडे देण्यासारखे दुसरे काही नाही.

कलम सहा. माझा मेंदू. हॉकीवाल्यांचे मेंदू कापून बघणारे लोक आहेत, त्यांना तो द्यावा. डाग सापडतील. ती दुपार सापडणार नाही, म्हणून ती इथे लिहिली आहे.

आज मंगळवार, अकरा फेब्रुवारी, सकाळ. विल्फ गाडी घेऊन गेला आणि लायलला घेऊन आला. तो पन्नास मैलांवर मधमाश्या पाळतो. मी त्याला छत्तीस वर्षांत पहिल्यांदा जवळून पाहिले. त्याने कोट काढला नाही. हे कागद उजव्या डोळ्याजवळ धरून सगळे वाचले, पेट्राशचेही. मग चौथे कलम पुन्हा वाचले.

“थांब म्हणालो मी?”

“म्हणालास.”

“माझा बाप मरेपर्यंत मला म्हणायचा, तुला हो म्हणायला कुणी सांगितलं होतं. शेवटच्या दिवशीसुद्धा हेच. आणि मी त्याची माफी मागितली, ओरी. इस्पितळात, त्याचा हात धरून.”

ल्यूबाने कॉफी आणून ठेवली, ती कोणी घेतली नाही.

“ते डॉक्टरचे शब्द सांग,” तो म्हणाला. त्याने पहिले पान उलटे करून मांडीवर ठेवले होते.

“कात्री. बटाटा. शिटी. निळा.”

“पाचवा?”

पाचवा मला आला नाही. मी खूप शोधला. ल्यूबा तोंड फिरवून खिडकीशी जाऊन उभी राहिली.

“पाचातला एक जातो तुझा,” लायल म्हणाला. “मग न घडलेलं काही डोक्यात कशावरून आलं नसेल? बरं वाटावं म्हणून रचलं असशील. मरायला टेकलेली माणसं काय काय रचतात.”

मी म्हणालो की माझ्याजवळ पुरावा नाही. मी विनवणी केली. मोठ्या माणसाने करू नये तशी केली. तो उठला, दारापर्यंत गेला, बुटात एक पाय घातला. मग एका पायावर उभा राहूनच, भिंतीला धरून, त्याने विचारले,

“हा हिरवा दोरा तुला कुणी सांगितला?”

“कुणी नाही. दिसला.”

“पट्ट्याचं बटण तुटलं होतं. त्या दिवशी सकाळी आईनं शिवलं, पडद्याचा दोरा होता तिच्याकडे. हेल्मेट माझ्याबरोबर इस्पितळात गेलं ते परत आलं नाही. मला ती सकाळ आठवते, पुढचं नाही. तो दोरा हनुवटीखाली आत होता. पट्टा सुटून माझ्या हातात असल्याशिवाय तो कुणाला दिसलाच नसता.”

तो बूट काढून परत आत आला आणि बसला.

“मी तुला माफ केलंय असं समजू नकोस.”

“नाही समजत.”

“आणि तुझी झोपडी मला नको. साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळत नाही, खरं ना?”

विल्फ म्हणाला, कायदा तसाच आहे.

“मग मी साक्षीदार.”

तेव्हा कलम पाच आपोआप पडते आणि झोपडी ल्यूबाकडे जाते. कलम मी खोडत नाही. ल्यूबा, त्याला पुन्हा विचारायला जाऊ नकोस.

सही करण्यापूर्वी हे सगळे मी दोघांसमोर वाचले. अजून जेवण झालेले नाही.

ओरेस्ट वसिल हॅलिशिन
लिपोव्हा, सास्काचेवान. ११ फेब्रुवारी २०२५, सकाळी पावणेअकरा.

साक्षीदार पहिला. ओरेस्टने आमच्या देखत सही केली, आम्ही त्याच्या देखत. यंत्राची काळजी घेईन. पेट्राशला वाचून दाखवणार नाही, त्याची बायको आजारी आहे. यंत्र मैदानाचं आहे, माझं नाही, म्हणून मला सही चालते असं मी विचारून घेतलंय.
विल्फ बाउमन

साक्षीदार दुसरा. मी, लायल टॉफ्ट, लिहून देतो की हा माणूस आज सकाळी शुद्धीवर होता आणि आपण काय सांगतो आहोत हे त्याला पुरते कळत होते. पाचवा शब्द पूल. त्याने पेन पुढे केले आणि मला विचारले, सही करतोस का. मी मान डोलावली.
लायल टॉफ्ट