पिकल्या केळ्याचा वास

अब्बा, हे मी मराठीत लिहितेय. घरात आपण सगळे आपली दखनीच बोलायचो, पण मधमाश्यांचा विषय निघाला की तुम्ही आपोआप मराठीवर यायचात. मधमाश्यांच्या सरकारी कार्यालयात सगळा जन्म गेला, तिथली सवय असावी. पोळं, राणी, कामकरी माशी, मोहोळ उठणं, हे सगळे शब्द मी तुमच्या तोंडून मराठीतच ऐकले. आज जे सांगायचंय ते मधमाश्यांचंच आहे, म्हणून ही भाषा. तुम्हाला जाऊन चौदा वर्षं झाली. एवढी वर्षं मी काय करत होते, असं तुम्ही विचारणार नाही. तुम्ही कधीच कुणाला असलं काही विचारलं नाहीत.

आपलं येरवड्याचं दोन खोल्यांचं घर मधमाश्यांच्या तंत्राने चालायचं. कुठल्या इमारतीवरचं आग्या माश्यांचं पोळं हलवायचं असलं, की आदल्या दिवसापासून घरात केळं आणायचं नाही आणि कुणी अत्तर लावायचं नाही. एका ईदला मामूंनी प्रेमाने तुमच्या कानात अत्तराचा फाया ठेवला. नमाजहून आल्याआल्या तुम्ही मोरीत बसून साबणाने कान धुतलात, कारण दुसऱ्या दिवशी काम होतं. अम्मी चिडून म्हणाली, "निकाह त्यांच्याशीच लावायचा होता, मला कशाला आणलं?" तुम्ही कान पुसत म्हणालात, "त्या इतक्या लवकर चिडत नाहीत." अम्मीला हसू आवरेना. अत्तराचं मला समजायचं, पण केळ्याचं समजायचं नाही. मी विचारलं की तुम्ही म्हणायचात, "त्यांना आवडत नाही." जुन्या माणसांनी तुम्हाला जेवढं सांगितलं होतं तेवढंच तुम्ही मला सांगत होतात.

मी सतरा वर्षांची झाले आणि मला या नियमांचा वीट आला. त्या शनिवारी माझी मैत्रीण घरी आली होती. तिच्या मावसभावाने दुबईहून आणलेली सेंटची बाटली तिने मला दिली आणि आम्ही दोघींनी मनगटावर मारून बघितली. तुम्ही कामावरून आलात आणि चप्पलसुद्धा न काढता दारातूनच म्हणालात, "आधी हात धुऊन ये. ती बाटली बाहेर ठेव. उद्या काम आहे, माहीत आहे ना?" तुमचा आवाज चढला नव्हता. पण मैत्रीण हसली, आणि कॉलेजात सोमवारी ही गोष्ट कशी रंगवून सांगितली जाणार ते मला तिथे उभ्याउभ्या दिसलं. मी हात धुतले. तुमच्याशी बोलले नाही, रात्री जेवलेही नाही. तुम्ही ताट झाकून ठेवलंत.

रविवारी दुपारी मी तुम्हाला माझ्या स्कूटीवरून वाघोलीला सोडलं. तेव्हा तिकडे नुकत्याच इमारती उठत होत्या, मधे मधे अजून ज्वारीची शेतं होती. दुसऱ्या मजल्याच्या गॅलरीखाली ते पोळं लटकत होतं, सुपाएवढं, काळंभोर. सोसायटीतल्या एकाने औषध मारून किंवा जाळून टाका म्हणून सांगितलं होतं आणि तुम्ही त्याला शांतपणे म्हणाला होतात, "त्यासाठी आमची गरज नाही, काडेपेटी तुमच्याकडे असेलच." तुमचे जोडीदार, ज्यांना मी काका म्हणायचे, ते कार्यालयाच्या जीपमधून शिडी घेऊन आधीच पोचले होते. अठरा वर्षं तुम्ही दोघं बरोबर काम करत होतात. ते शिडीवर चढायचे, तुम्ही खालून धूर द्यायचात. ऊन उतरेपर्यंत थांबायचं ठरलं. मी एका कट्ट्यावर बसले होते आणि माझ्या मांडीवर काकांची जाळीची टोपी होती, ती मानेभोवती खोचायची कापडी कड असलेली.

खालच्या मजल्यावरच्या एक बाई बाहेर आल्या. मी कालपासून उपाशी आहे हे त्यांना कसं कळलं कोण जाणे, चेहराच तसा असेल. त्या आत गेल्या आणि एक केळं घेऊन आल्या. चांगलं पिकलेलं, सालीवर काळे ठिपके पडलेलं. "घे गं, घरचंच आहे." मी नको म्हणू शकले असते. अब्बा, भूक लागली होती, पण मी ते भुकेने खाल्लं नाही. तुम्ही माझ्याकडे पाठ करून धुरासाठी पाला गोळा करत होतात आणि मी तुमच्या पाठीकडे बघत, मुद्दाम, सावकाश ते खाल्लं. साल मागच्या झुडपात टाकली. बोटं चिकट झाली होती. ती मी टोपीच्या कापडाला पुसली. यामागे काही विचार नव्हता. जवळ तेच कापड होतं. थोड्या वेळाने काका आले, माझ्या डोक्यावर टपली मारली आणि म्हणाले, "अबोला संपला का नाही अजून? दे टोपी." मी दिली.

पुढचं तुम्हाला माहीत आहे, माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. काका शिडीवर चढतात, धूर वर जातोय, सगळं नेहमीसारखं आहे. मग पोळ्यावरून माश्यांच्या थरथरीची ती लाट जाते, जिला तुम्ही झळाळी म्हणायचात, आणि दुसऱ्याच क्षणी माश्या पोळं सोडून त्यांच्या मानेवर येतात. हातांवर नाही, पाठीवर नाही, आधी मानेवर. काका एका हाताने कड दाबून धरायला जातात आणि शिडीवरून तोल जातो. तुम्ही स्वतःची टोपी काढून त्यांच्या तोंडावर टाकता आणि घोंगडी घेऊन त्यांच्यावर पालथे पडता. मी जिन्यात उभी राहून बघते. माझ्या अंगाला एकही माशी चावली नाही.

काका दुसऱ्या दिवशी दवाखान्यातच वारले. त्याआधीची रविवारची संध्याकाळ मात्र माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. अम्मी काकूंपाशी दवाखान्यात थांबली होती. तुम्ही आपल्या स्वयंपाकघरात पाटावर उघड्या अंगाने बसला होतात आणि मी सुरीच्या बोथट बाजूने तुमच्या पाठीतले काटे खरवडून काढत होते. चिमटीत धरायचे नाहीत, धरले की उरलेलं विष आत जातं, हे तुम्हीच शिकवलेलं. एकेक काटा मी वाटीत टाकत होते. तुमचा चेहरा इतका सुजला होता की डोळे उघडत नव्हते आणि नाकाने श्वास घेता येत नव्हता. तुम्ही तोंडाने श्वास घेत विचारलंत, "तुला नाही ना कुठे चावली?" मी नाही म्हटलं. "खुदाचं शुक्र," तुम्ही म्हणालात. माझ्या बोटांना अजून तो गोडसर वास येत होता, अब्बा. तो तुमच्या नाकापासून वीतभर अंतरावर होता, आणि तुम्हाला येत नव्हता.

आठवड्याने कार्यालयाने तुमच्याकडे लेखी जबाब मागितला. तुमच्या बोटांची सूज उतरली नव्हती. तुम्ही फुलस्केप कागद माझ्यापुढे ठेवलात. "तुझं अक्षर चांगलं आहे. मी सांगतो, तू लिही." मी लिहायला बसले. तुम्ही भिंतीला टेकून, डोळे मिटून सांगत होतात. धूर पुरेसा होण्याआधीच मी माझ्या सहकाऱ्यास शिडीवर चढण्यास सांगितले. आणखी पाच मिनिटे थांबणे आवश्यक होते. घडल्या प्रकारास सर्वस्वी मी जबाबदार आहे. "सर्वस्वी" लिहिताना मी थांबले. तुम्ही डोळे उघडलेत. "काय झालं? अडलं का?" मी म्हटलं, "नाही." आणि तो शब्द पुरा केला. तुम्ही सही केलीत, कागद उजेडात धरलात आणि म्हणालात, "ओळी किती सरळ आल्यात." तुमचा कबुलीजबाब माझ्या हातचा आहे, अब्बा. कुठल्या तरी फायलीत तो अजून असेल.

तुम्हाला बाहेरच्या कामावरून काढलं आणि रिकाम्या पेट्यांच्या गोदामात बसवलं. ज्या माणसाला लांबून नुसत्या आवाजावरून कळायचं की मोहोळ उठणार आहे, तो माणूस निवृत्त होईपर्यंत तुटक्या चौकटी मोजत बसला. तुम्ही एकदाही तक्रार केली नाहीत. मला रसायनशास्त्राला प्रवेश मिळाला तेव्हा तुम्ही तुमचं पितळी कडीचं भिंग मला दिलंत, ज्यातून तुम्ही माश्यांचे पाय तपासायचात. "आता मला कुठे लागतं हे," असं म्हणालात. मी ते घेतलं. नको म्हणायला मला कारण सांगावं लागलं असतं.

दुसऱ्या वर्षाला आम्हाला एक प्रयोग होता. एक मद्यार्क आणि व्हिनेगरमधलं आम्ल एकत्र तापवायचं आणि तयार होणारा पदार्थ वासावरून ओळखायचा. प्रयोगशाळेभर पिकल्या केळ्याचा वास पसरला. मुलं हसायला लागली. सर म्हणाले, "हे आयसोअमाइल ॲसिटेट. केळं पिकताना ते स्वतःच बनवतं. आणि गंमत म्हणजे मधमाशी डंख मारते तेव्हा तिच्या काट्यापाशी हाच पदार्थ असतो. बाकीच्या माश्यांना त्याचा अर्थ एकच, शत्रू इथे आहे, इथेच मारा." मी परीक्षानळी ठेवली आणि बाहेर जाऊन बसले. मग थेट घरी आले. तुम्ही चूल बघत होतात, अम्मीला ताप होता, तुम्ही खिमट शिजवत होतात. मी ठरवूनच आले होते. तुम्ही मागे वळून म्हणालात, "आज लवकर? ये, मीठ बघ जरा." मी मीठ बघितलं. बरोबर आहे म्हटलं.

पुढे मी खूप वाचलं. बोटांना लागलेलं केळं म्हणजे तो पदार्थ अगदी किंचित. आग्या माश्या वाऱ्याने बिथरतात, शिडी आपटली तरी बिथरतात, कधी काहीच कारण दिसत नाही. त्या दिवशी नक्की कशाने झालं ते कुणीही छातीठोकपणे सांगू शकणार नाही. हे मी स्वतःला शेकडो वेळा समजावलंय. पण मग आधी मानेवरच का, याचं उत्तर मला कुठल्या पुस्तकात मिळालं नाही. आणि कारण काहीही असो, तुम्हाला ती शक्यता माहीत असायला हवी होती. तुमच्या पाच मिनिटांशेजारी माझं केळंही ठेवायला हवं होतं. मग कशाला किती दोष द्यायचा ते तुम्ही ठरवलं असतंत.

तुम्ही दर महिन्याच्या पहिल्या शुक्रवारी नमाजनंतर मधाची बाटली घेऊन कसबा पेठेत काकूंकडे चालत जायचात. काकू दार उघडायच्या, बाटली घ्यायच्या. बसा म्हणायच्या नाहीत आणि तुम्हीही बसायचा नाहीत. तुमच्या शेवटच्या दुखण्यात, दवाखान्यात, तुम्ही मला म्हणालात, "आणखी पाच मिनिटं थांबलो असतो, तर तो आज असता." डोळ्यांच्या कडांतून पाणी येत होतं, ते तुम्हाला पुसताही येत नव्हतं. खोलीत आपण दोघंच होतो. मी ते पुसलं आणि म्हणाले, "आता झोपा, अब्बा." चार दिवसांनी तुम्ही गेलात.

तुमच्यामागे मध घेऊन मी जाऊ लागले. मला मात्र काकू आत बोलवायच्या, चहा करायच्या. गेल्या महिन्यात त्या म्हणाल्या, "तुझ्या वडलांना मी एकदाही बसा म्हटलं नाही. आता वाटतं, म्हणायला हवं होतं. पण त्यांनी घाई केली गं." तेव्हा माझा बांध फुटला. मी त्यांना सगळं सांगितलं, सेंटच्या बाटलीपासून टोपीच्या कडेपर्यंत. काकूंनी चहाचे कप उचलले, मोरीत नेऊन विसळले, पदराला हात पुसत आल्या आणि माझ्यासमोर उभ्या राहिल्या.

"मला कशाला सांगतेस?" त्या म्हणाल्या. "माझं जायचं होतं ते गेलं. तो बिचारा वर्षानुवर्षं माझ्या उंबऱ्याबाहेर उभा राहिला, आणि तू गप्प बसलीस?"

त्यांनी मला जा म्हटलं नाही, पण मी उठले. जिन्यावरून उतरताना वरून त्यांचा आवाज आला, "पुढच्या महिन्यात मध आणू नकोस." आवाजात राग नव्हता. दमल्या होत्या.

त्यानंतर चार वेळा हे लिहायला घेतलं. प्रत्येक वेळी वाटलं की तुम्ही समोर असतात तर किती सोपं झालं असतं, तुम्ही नुसते हं म्हणाला असतात आणि माझ्या डोक्यावर हात ठेवला असतात. पण हे पत्र कुठे जाणार नाही हे मला माहीत आहे, तेव्हा निदान यात तरी खोटं नको. तुम्ही समोर होतात की. सात वर्षं रोज समोर होतात, मीठ बघ म्हणत होतात. आत्ता दार वाजलं आणि बाहेर तुम्ही असलात, तर मी हा कागद आधी उशीखाली सारेन आणि मगच कडी काढेन.